वृत्तपत्राचे वार्षिक क्रीडा पुरस्कार : आपल्या जिल्ह्यात सुरू करायचे तर कसे?

स्वीडनच्या ‘स्वेन्स्का डागब्लाडेट’ या दैनिकानं १९२५ साली एक सुवर्णपदक ठेवलं. वर्षातली सर्वांत मोलाची स्वीडिश क्रीडा कामगिरी कोणती, हे निवड समितीनं ठरवायचं आणि तिला ते पदक द्यायचं. पहिलं मिळालं अडथळ्यांच्या शर्यतीतल्या स्टेन पेटरसनला. पुढच्याच वर्षी पोलंडच्या ‘प्शेग्लॉन्ड स्पोर्तोवी’ या क्रीडापत्रानं बरोबर उलटा रस्ता धरला. अंकात कूपन छापलं आणि निवड वाचकांवर सोपवली. वाचकांनी निवडलेला पहिला मानकरी होता वात्स्वाफ कुखार. तो मुळात फुटबॉलपटू, पण मैदानी शर्यती, स्केटिंग आणि आइस हॉकीतही तितकाच वाकबगार. दुसऱ्या महायुद्धात पोलंडचं मतदान काही वर्षं बंद पडलं, १९४८ला पुन्हा सुरू झालं आणि आजही चालू आहे.

जगभरातले बहुतेक वृत्तपत्री क्रीडा पुरस्कार या दोन घराण्यांतले आहेत : एकात जाणकार ठरवतात, दुसऱ्यात वाचक. आपल्याकडच्या ‘टाइम्स ऑफ इंडिया’च्या क्रीडा पुरस्कारांत आणि ‘द हिंदू’ समूहाच्या ‘स्पोर्टस्टार एसेस’मध्ये दोन्ही वाटा आहेत. पण राष्ट्रीय यादीत तालुक्याच्या मॅटवरची कबड्डीपटू कधी येत नाही, आणि तिला घडवणारे जिल्हा परिषद शाळेतले सर तर त्याहून नाही. ते काम जिल्ह्याच्या पेपरचं. दैनिक असो, साप्ताहिक असो की बातम्यांचं पोर्टल, पुढची पद्धत सगळ्यांना चालेल.

पहिली गोष्ट : पुरस्कार क्रीडा पानाचा, जाहिरात विभागाचा नाही

हे आधी मालकांशी बोलून कागदावर आणा, नाहीतर पुढचं सगळं वाया जाईल. ‘भूषण’, ‘रत्न’, ‘गौरव’ असली बिरुदं लावलेले पुरस्कार आपल्याकडे इतके झालेत की खेळाडूच्या वडिलांना फोन केला तर त्यांचा पहिला प्रश्न असतो, ‘किती भरायचे?’ त्यांचं चुकत नाही. ‘पुरस्कार देतो, पुरवणीत अर्धं पान जाहिरात द्या’ हा धंदा त्यांनी पाहिलेला असतो.

म्हणून पहिल्या जाहिरातीतच तीन वाक्यं ठळक छापा : प्रवेश शुल्क नाही, मानकऱ्याकडून कुठलीही जाहिरात घेतली जाणार नाही, आणि प्रायोजकाचा प्रतिनिधी निवड समितीत नसेल. प्रायोजक हवाच. हॉल, स्मृतिचिन्हं, रोख रक्कम, जेवण याला पैसा लागतो. त्याचं नाव पुरस्काराच्या आधी लागलं तरी बिघडत नाही. पण ‘आमच्या शाळेचा एक तरी बसवा’ असं म्हणणारा प्रायोजक पहिल्या वर्षीच नाकारावा. दुसऱ्या वर्षी ते जमत नाही.

वर्ष कोणतं, आणि ‘आपला’ कोण?

नियम एका पानात मावले पाहिजेत आणि वर्ष सुरू व्हायच्या आधी छापून आले पाहिजेत. डिसेंबरात नावं समोर ठेवून केलेले नियम कुणाला तरी डोळ्यांपुढे ठेवूनच केलेले असतात.

वर्ष १ जानेवारी ते ३१ डिसेंबर धरा आणि सामना प्रत्यक्ष खेळला गेला ती तारीख ग्राह्य माना. स्पर्धेच्या नावातलं वर्ष बघू नका. टोकियो २०२० ऑलिम्पिक २०२१मध्ये झालं, २०२२च्या आशियाई स्पर्धा हांगचौला सप्टेंबर-ऑक्टोबर २०२३मध्ये. राज्य आणि राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धांच्या तारखा तर दरवर्षी सरकतात. एखाद्या वर्षी दोन पडतात, एखाद्या वर्षी एकही नाही.

दुसरा वाद जिल्ह्याचा. स्वप्निल कुसाळे राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा, नेमबाजी शिकला नाशिकच्या क्रीडा प्रबोधिनीत, नोकरी मध्य रेल्वेत. पॅरिस ऑलिम्पिकमधलं त्याचं कांस्य कोल्हापूरचं की नाशिकचं? माझ्या मते दोन्ही जिल्ह्यांच्या पेपरांनी त्याचा गौरव करावा. नियम असा ठेवा : जन्म किंवा शालेय शिक्षण जिल्ह्यातलं, नाहीतर गेली सलग दोन वर्षं सराव जिल्ह्यात. दोन्हींपैकी एक पुरे. धावपटू अविनाश साबळे लष्करात गेला म्हणून आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा राहत नाही का? नियम तसा असेल तर तो नियमच चुकीचा.

तिसरी यादी ग्राह्य स्पर्धांची, आणि खरी डोकेदुखी इथं आहे. एकाच खेळाच्या दोन-दोन संघटना आणि दोघींच्या ‘राज्य अजिंक्यपद’ स्पर्धा. २०२५ साली महाराष्ट्र केसरीच्या दोन गदा दिल्या गेल्या : अहिल्यानगरला पृथ्वीराज मोहोळला आणि पुढच्याच महिन्यात कर्जतला वेताळ शेळकेला. खरी संघटना कोणती याचा निवाडा करणं पेपरचं काम नाही. दोन्ही स्पर्धा ग्राह्य धरा आणि समितीला सांगा की किताब मोजू नका, त्या पैलवानानं कुणाकुणाला हरवलं ते बघा. मात्र ज्या ‘आंतरराष्ट्रीय’ स्पर्धेला खेळाडू स्वतः पैसे भरून जातो आणि जिथं गटात चार नावं नि तीन पदकं असतात, ती यादीत नको. अशा स्पर्धांचे हार-तुरे आपल्याच पानावर छापून येतात, तेव्हा ही गाळणी आधी रोजच्या बातमीला लावावी लागेल.

विभाग थोडे ठेवा

पहिल्या वर्षी सात पुरेत : सर्वोत्तम पुरुष खेळाडू, महिला खेळाडू, दिव्यांग खेळाडू, १७ वर्षांखालील खेळाडू, संघ, प्रशिक्षक आणि वाचकांची पसंती. दिव्यांग खेळाडूंचा विभाग वेगळा ठेवला तरी त्यांना मुख्य विभागातूनही वगळू नका. पॅरिस पॅरालिम्पिकमध्ये १६.३२ मीटर गोळा फेकून रौप्य आणणारा सांगली जिल्ह्यातला सचिन खिलारी त्या वर्षी कुठल्याही जिल्ह्याच्या मुख्य यादीत शोभला असता.

जीवनगौरव द्यायचा तर वर्षाला एकच, आणि माणूस ऐकू शकतो तोवर. खाशाबा जाधवांनी १९५२ला हेलसिंकीत कांस्य जिंकलं, १९८४ला ते गेले आणि अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर. मुरलीकांत पेटकरांचं पॅरालिम्पिक सुवर्ण १९७२चं. अर्जुन जीवनगौरव त्यांच्या हातात पडला जानेवारी २०२५मध्ये. सरकारला उशीर होतो, पण गावातल्या पेपरला व्हायचं कारण नाही.

नोंदवही जानेवारीतच उघडा

हा सगळ्यात कंटाळवाणा आणि सगळ्यात महत्त्वाचा भाग. फक्त अर्ज मागवून पुरस्कार दिले तर ते अर्ज भरता येणाऱ्यांना मिळतात. शहरातल्या अकादमीकडे फाइल करायला माणूस असतो. वाडीवरच्या धावपटूकडे पदक असतं आणि पदकाची फीत उंदरानं कुरतडलेली असते.

क्रीडा डेस्कवरच्या एका उपसंपादकाकडे ही वही सोपवा. छापून आलेल्या प्रत्येक निकालाची त्यात एक ओळ व्हायला हवी. एक्सेल चालेल, साधं रजिस्टरही चालेल. रकाने असे : नाव, जन्मवर्ष, तालुका, खेळ व गट, स्पर्धा, ठिकाण, तारीख, क्रमांक, वेळ किंवा अंतर किंवा गुण, गटात एकूण स्पर्धक किती, अंतिम फेरीत समोर कोण, सध्याचा प्रशिक्षक, पहिला प्रशिक्षक. ‘एकूण स्पर्धक’ हा रकाना कुणी भरत नाही, आणि डिसेंबरात सगळी भांडणं त्याच्यावरच मिटतात.

माहितीसाठी दर महिन्याला एक फोन जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयाला, एकेक प्रत्येक संघटनेच्या सचिवाला. शिवाय रेल्वे, पोलीस आणि लष्कराच्या संघांत जिल्ह्यातलं कोण आहे याची यादी करून ठेवा, कारण त्यांचे निकाल आपल्या वार्ताहरापर्यंत येतच नाहीत. तालुका वार्ताहरांना सांगा की शालेय स्पर्धांची पत्रकं आली की फक्त ‘घवघवीत यश’ पाठवू नका, निकालपत्रकाचा फोटो पाठवा. नोव्हेंबरात वाचकांकडून नावं मागवा, तीही याच वहीत चढवा.

पडताळणी : प्रमाणपत्र हा पुरावा पुरेसा नाही

बोगस क्रीडा प्रमाणपत्रांचं प्रकरण महाराष्ट्राला नवं नाही. सरकारी नोकरीतलं खेळाडूंचं ५ टक्के आरक्षण लागू झालं तसा त्यांचा बाजारही आला. म्हणून अंतिम यादीतल्या प्रत्येक नावासाठी प्रमाणपत्र सोडून दुसरा एक पुरावा हवा : संघटनेच्या अधिकृत संकेतस्थळावरचा निकाल, पंचांची सही असलेली गुणपत्रिका किंवा स्पर्धेच्या ठिकाणच्या स्थानिक पेपरचं कात्रण. यातलं काहीच मिळत नसेल तर नाव थांबवा.

राष्ट्रीय उत्तेजकद्रव्यविरोधी संस्था, म्हणजे ‘नाडा’, बंदी घातलेल्या खेळाडूंची नावं जाहीर करते. त्या यादीवर निवड करताना नजर टाका आणि समारंभाच्या आदल्या आठवड्यात पुन्हा टाका. वयोगटाच्या पुरस्काराला शाळेच्या नोंदवहीतला उतारा मागा. आधारच्या प्रती गोळा करत बसू नका. त्यानं कामगिरी सिद्ध होत नाही आणि शंभर मुलांचे कागद सांभाळायची जबाबदारी मात्र अंगावर येते. अल्पवयीन खेळाडूचा फोटो आणि माहिती छापायला पालकांची लेखी संमती घ्या.

निवड समिती आणि तिची बैठक

पाच किंवा सात जण. माजी खेळाडू दोन, आंतरराष्ट्रीय किंवा राष्ट्रीय पंच एक, निवृत्त क्रीडाशिक्षिका एक, क्रीडा संपादक एक. सात करायचे तर क्रीडावैद्यक जाणणारा डॉक्टर आणि बाहेरच्या जिल्ह्यातला पत्रकार. संघटनांचे विद्यमान पदाधिकारी नकोत, लोकप्रतिनिधी तर नकोतच. समितीची नावं आधीच छापा. ज्याचा शिष्य, नातेवाईक किंवा क्लबचा खेळाडू चर्चेत असेल त्यानं त्या विभागापुरतं खोलीबाहेर जायचं आणि तशी नोंद इतिवृत्तात करायची. ‘मी गप्प बसतो’ हे पुरेसं नाही. गप्प बसलेला माणूस मान हलवतो.

आता मुख्य अडचण. धावपटू, बुद्धिबळपटू आणि खो-खोची कर्णधार यांना एका तराजूत घालायचं कसं? २०२५चंच बघा. जानेवारीत दिल्लीत पहिला खो-खो विश्वचषक झाला, भारताचे दोन्ही संघ जिंकले आणि दोन्ही कर्णधार महाराष्ट्राचे : प्रतीक वायकर आणि प्रियांका इंगळे. जुलैत बाटुमीला नागपूरच्या १९ वर्षांच्या दिव्या देशमुखनं अंतिम फेरीत कोनेरू हंपीला हरवून महिलांचा बुद्धिबळ विश्वचषक जिंकला आणि त्याच जोरावर ग्रँडमास्टरही झाली. दोन्ही ‘विश्वचषक’च. पण एका खेळाची ही पहिलीच जागतिक स्पर्धा, तर दुसऱ्यात गाठ त्या खेळातल्या अव्वल व्यावसायिक खेळाडूंशी. मी समितीत असतो तर वैयक्तिक पुरस्कार दिव्याला आणि संघाचा पुरस्कार खो-खोला दिला असता, आणि असं का, तेही छापलं असतं.

पदकाला इतके गुण, सहभागाला इतके, असा तक्ता शासकीय पुरस्कारांना लागतो, कारण तिथं कोर्टात जायची वेळ येते. पेपरनं तक्त्यात अडकू नये. तक्ता साबळेला न्याय देत नाही. २०२२च्या बर्मिंगहॅम राष्ट्रकुल स्पर्धेत त्याला तीन हजार मीटर स्टीपलचेसचं, म्हणजे अडथळे आणि पाण्याचा खड्डा ओलांडत धावायच्या शर्यतीचं, रौप्य मिळालं. तक्त्यात ते एक रौप्य. प्रत्यक्षात १९९८ ते २०१८ या सलग सहा राष्ट्रकुल स्पर्धांत या शर्यतीची तिन्ही पदकं केनियानंच नेली होती, आणि साबळे सुवर्णापासून ०.०५ सेकंदानं मागे राहिला. पुढे जुलै २०२४मध्ये जगातल्या अव्वल धावपटूंच्या डायमंड लीग मालिकेत पॅरिसला तो सहावा आला. तक्त्यात शून्य. पण त्या दिवशीची त्याची ८ मिनिटं ०९.९१ सेकंद ही वेळ म्हणजे नवा राष्ट्रीय विक्रम होता.

तेव्हा प्रत्येक नावाला चार प्रश्न लावा. समोर कोण होतं? या खेळात त्या पातळीवर स्पर्धा किती खोल आहे? गेल्या वर्षीच्या स्वतःपेक्षा तो किती पुढे गेला? आणि हे कोणत्या साधनांवर केलं? चौथ्या प्रश्नाला जास्त वजन देऊ नका. गरिबीची गोष्ट वाचायला चांगली लागते, पण पुरस्कार खेळाचा आहे.

चर्चा झाली की प्रत्येकानं चिठ्ठीवर पहिली तीन नावं क्रमानं लिहायची. पाच, तीन, एक असे गुण. बरोबरी झाली तर पहिल्या पसंतीच्या चिठ्ठ्या मोजायच्या. हात वर करून मतदान घेतलंत की सगळे ज्येष्ठांच्या हाताकडे बघतात.

प्रशिक्षकाचा पुरस्कार : इथं सावकाश चला

खेळाडूनं काय केलं हे घड्याळ सांगतं. प्रशिक्षकानं काय केलं हे कुणीच सांगत नाही, आणि दावेदार मात्र चार निघतात. पदक आलं की शाळेतले सर, अकादमीचे संचालक, संघटनेचे सचिव आणि शेवटचा महिनाभर शिबिर घेणारे, सगळे एकाच फोटोत उभे राहतात.

केंद्र सरकारनं द्रोणाचार्य पुरस्कार १९८५ला सुरू केला तेव्हा पहिल्या तिघांत पी. टी. उषाचे गुरू ओ. एम. नांबियार, मुष्टियुद्धाचे ओमप्रकाश भारद्वाज आणि कुस्तीचे भालचंद्र भास्कर भागवत होते. कोण कुणाचा गुरू याबद्दल तिथं शंका नव्हती. आता एकाच खेळाडूच्या वाटेवर तीन-चार गुरू येतात. म्हणून पुरस्कार दोन कामांसाठी आलटून पालटून द्या, किंवा पैसे असतील तर दोन ठेवा : एक घडवणाऱ्यासाठी, म्हणजे १४-१५ वर्षांपर्यंत पाया घालणाऱ्यासाठी, आणि एक पदकापर्यंत नेणाऱ्यासाठी.

पुरावा खेळाडूकडून घ्या, प्रशिक्षकाकडून नको. खेळाडूला एकट्याला गाठून विचारा : कोणत्या वर्षापासून कोणत्या वर्षापर्यंत कुणाकडे सराव केला, आठवड्यात किती दिवस, स्पर्धेला सोबत कोण आलं, दुखापत झाली तेव्हा फोन कुणाला केला. या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर सहसा खरं निघतं. मग प्रशिक्षकाच्या हजेरीच्या वह्या मागा. ज्याच्याकडे पाच-सात वर्षांच्या वह्या निघतात, त्याच्याकडे आणखी काही विचारायची गरज उरत नाही.

एका ताऱ्याऐवजी घडलेल्या मुलांची रांग बघा. ५ ऑगस्ट २०२३ला बर्लिनमध्ये साताऱ्याची अदिती स्वामी आणि नागपूरचा ओजस देवतळे एकाच दिवशी कंपाउंड तिरंदाजीचे जगज्जेते झाले. ओजसनं अंतिम फेरीत १५०पैकी १५० गुण मारले. दोघं तयार झाले साताऱ्यात, प्रवीण सावंत यांच्या अकादमीत. एक विजेता निघाला तर योगायोग म्हणता येईल. दोन निघाले तर तिथल्या सरावात काय होतं हे वार्ताहरानं जाऊन बघायला हवं.

मुलं किती टिकली हेही विचारा. दहा वर्षांत शंभर मुली आल्या आणि सोळाव्या वर्षानंतर दोनच उरल्या, तर प्रशिक्षणात काहीतरी खोट असू शकते. हे लिहायला अवघड आहे, पण विचारायलाच हवं : प्रशिक्षकाविरुद्ध गैरवर्तनाची तक्रार प्रलंबित आहे का, हे शाळेकडून आणि संघटनेकडून लेखी घ्या. शिवाय दोन-तीन माजी खेळाडू मुलींशी महिला सहकाऱ्याला बोलू द्या. शंका उरली तर नाव गाळा. कारण जाहीर करू नका, पण गाळा.

वाचकांची पसंती वेगळी ठेवा

समितीचे गुण ५० टक्के आणि वाचकांची मतं ५० टक्के, अशी खिचडी करू नये. निकाल लागल्यावर कुणालाच कळत नाही की नक्की कुणी निवडलं. वाचकांचा पुरस्कार वाचकांचाच असू द्या आणि तो लोकप्रियतेचा आहे हे मोकळेपणानं मान्य करा. पोलंडमध्ये स्कीपटू युस्तिना कोवाल्चिकनं २००९पासून सलग पाच वर्षं मतदान जिंकलं. ती होतीच तशी, पण वाचक एकदा प्रेमात पडले की सहजी बाहेर येत नाहीत, हेही त्यातून दिसतं. तुमच्याकडे ज्या गावाचा व्हॉट्सॲप ग्रुप मोठा, त्याचा खेळाडू जिंकेल. म्हणून समितीनं निवडलेल्या पाच नावांतूनच मतदान घ्या, एका मोबाइल क्रमांकाला ओटीपी घेऊन एकच मत द्या, मुदत दहा दिवसांची ठेवा आणि शेवटचे दोन दिवस आकडे झाका. अंकात कूपनही छापा. पारावर पेपर वाचणाऱ्या माजी पैलवानाचं मत ओटीपीवाल्याइतकंच मोलाचं आहे. निकालासोबत प्रत्येकाची मतसंख्या जाहीर करा.

मानपत्रातला मजकूर

‘क्रीडा क्षेत्रातील अतुलनीय योगदानाबद्दल’ हे वाक्य कुणालाही चालतं, म्हणून ते कुणाचंच नसतं. मानपत्र क्रीडा डेस्कनं लिहावं, पाच ओळींत. कुठल्या दिवशी, कुठल्या मैदानावर, किती वेळ किंवा किती गुण, समोर कोण, आणि याआधी जिल्ह्यात हे कुणी केलं होतं का. साबळेवर लिहायचं असतं तर ‘७ जुलै २०२४, पॅरिस, तीन हजार मीटर स्टीपलचेस, ८:०९.९१, बर्मिंगहॅममधला स्वतःचाच ८:११.२० हा विक्रम मोडला’ इतकं पुरे झालं असतं. विशेषणं कापा, आकडे दोनदा तपासा, नावाचं शुद्धलेखन खेळाडूकडूनच घ्या. आयुष्यभर भिंतीवर राहणाऱ्या कागदावर ‘पाटिल’ नको.

समारंभ

जानेवारीतला रविवार, दुपारी चार ते सहा. बारावीच्या परीक्षा आणि राष्ट्रीय स्पर्धा दोन्ही बघून तारीख धरा. पाहुणा एकच आणि तो खेळाडू असावा. आमदार-खासदारांना आमंत्रण द्या, खुर्ची पहिल्या रांगेत. व्यासपीठावर मानकरी बसतील, पाहुण्यांचे सत्कार मानकऱ्यांच्या आधी होणार नाहीत आणि स्वागताची भाषणं दहा मिनिटांत संपतील, हे सूत्रसंचालकाला लिहून द्या. मानकऱ्यासोबत दोन माणसांचं येणं-जाणं आणि जेवण तुमच्याकडून. लांबच्या तालुक्यातली मुलगी रात्री परत कशी जाणार हे आधी विचारा, गाडीची सोय करा.

रोख रक्कम थेट खात्यावर, त्याच दिवशी. फोटोसाठी मोठा पुठ्ठ्याचा चेक द्यायचा आणि पैसे मार्चअखेरीस, असला प्रकार नको. रकमेवर कर लागतो का, हे आधी सीएला विचारून मानकऱ्याला सांगा. शाल-श्रीफळ ठेवायचं तर ठेवा. धावपटूला त्याच्या मापाचे स्पाइक्स आणि पैलवानाला महिन्याचा खुराक जास्त उपयोगी पडतो.

दुसऱ्या दिवशीचा अंक आणि नंतरचं वर्ष

पहिल्या पानावर मानकऱ्याचा फोटो, पाहुण्याचा नाही. आत पूर्ण पान : मानपत्रं, समितीची नावं, कोण कोणत्या विभागात बाहेर गेलं त्याची नोंद आणि अंतिम यादीत येऊन राहिलेली नावं. हरकती सात दिवसांत लेखी मागवा. कामगिरीची नोंद खोटी निघाली तर पुरस्कार परत घेऊन तसं छापा, तेवढ्याच टायपात आणि त्याच पानावर.

मग वहीचं नवं पान उघडा. वरच्या ओळीत गेल्या वर्षीच्या मानकऱ्यांची नावं आणि दर तीन महिन्यांनी त्यांना फोन करायच्या तारखा लिहा : सराव चालू आहे का, प्रशिक्षक तेच आहेत का, नोकरीचं काय झालं. खाली जानेवारीतल्या पहिल्या निकालाची ओळ, ‘एकूण स्पर्धक’ हा रकाना भरून.